टेम्पोवरचा बेंजो, पडद्यावरचा बेंजो

उलव्यात हळदीच्या रात्री सगळ्यात आधी ऐकू येतो तो जनरेटर. मग माइकवर कोणीतरी ‘हॅलो, चेक’ म्हणतं, ढोलकीवर दोन थापा पडतात, आणि त्यानंतर बेंजोची तार छेडली जाते. ती छेडली की मांडवातल्या खुर्च्या आपोआप मागे सरकतात. मांडव जुन्या गावठाणात असतो, त्याच्या डोक्यावर सिडकोच्या सेक्टरांमधल्या इमारतींच्या खिडक्या असतात आणि पलीकडे विमानतळाचे दिवे. उलव्याची टेकडी कापून, नदीचं पात्र वळवून उभ्या राहिलेल्या त्या विमानतळाचं उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ रोजी झालं. त्याआधी १२ जानेवारी २०२४ ला अटल सेतू सुरू झाला होता, त्याच दिवशी खारकोपरची लोकल उरणपर्यंत धावू लागली. भातशेती आणि मिठागरांचा हा पट्टा बघता बघता मुंबईचं दार झाला. हळदीला बेंजो मात्र लागतोच.

मांडवाच्या कडेला दोघं बसले आहेत. मामा साठीचे, तीस-पस्तीस वर्षं बेंजो वाजवणारे. भाचा तिशीतला, अंधेरीच्या स्टुडिओंमधून अरेंजर म्हणून काम करणारा, गळ्यात कायम हेडफोन. हे मामा-भाचे कोणा एका घरातले नाहीत. उलवे, गव्हाण, वहाळ, मोरावे या गावांत अशी जोडी कुठल्याही मांडवात भेटू शकते. लेखाच्या सोयीसाठी त्यांना इथे एकत्र बसवलं आहे. त्यांच्या बोलण्यात येणारी माणसं, चित्रपट आणि सालं मात्र खरी आहेत.

मामांच्या मांडीवर त्यांचं वाद्य आहे. लांबट लाकडी पेटी, तिच्यावर ताणलेल्या तारा आणि तारांवर टाइपरायटरसारखी बटणं. डाव्या हाताची बोटं बटणं दाबतात, उजव्या हातातली प्लास्टिकची नखी तारा छेडते. मधली पाच-सहा बटणं इतकी घासली आहेत की त्यांवरचे आकडे कधीच पुसले गेले. पेटीला खालून पिकअप बसवला आहे. त्यातून निघालेली वायर अॅम्प्लिफायरला जाते आणि एरवी मच्छराएवढा असणारा आवाज अख्ख्या सेक्टरभर होतो.

‘मामा, याचं खरं नाव बेंजो नाहीच,’ भाचा सुरुवात करतो. ‘हा बुलबुल तरंग. जपानमध्ये नागोया शहरात १९१२ साली गोरो मोरिता नावाच्या माणसाने ताइशोगोतो म्हणून एक वाद्य काढलं, टाइपरायटर बघून त्याला ही बटणांची कल्पना सुचली. ते फिरत फिरत आपल्याकडे आलं. बलुचिस्तानात गेलं तिथे त्याला बेंजू म्हणतात. अमेरिकेतला बँजो वेगळाच. तो आफ्रिकेतून गुलाम म्हणून नेलेल्या लोकांनी तिकडे घडवला. त्याला चामडं मढवलेलं गोल अंग असतं, आपल्या डफासारखं.’

‘म्हणजे नाव अमेरिकेचं, पेटी जपानची आणि वाजवणारा उलव्याचा,’ मामा म्हणतात. ‘तरी सिनेमावाल्यांनी नाव उचललं ते आमचंच ना?’

मामांचा रोख २०१६ च्या ‘बँजो’ या हिंदी चित्रपटावर आहे. ‘नटरंग’ करणाऱ्या रवी जाधव यांचा तो पहिला हिंदी चित्रपट. संगीत विशाल-शेखर यांचं. न्यूयॉर्कहून एक मुलगी मुंबईच्या गल्लीतला बेंजो शोधत येते आणि रितेश देशमुखच्या टोळीपर्यंत पोचते, अशी गोष्ट. तिकीटबारीवर तो चालला नाही. पण लालबाग-परळच्या मिरवणुकांपासून कोळीवाड्यांतल्या हळदीपर्यंत राबणारी बेंजो पार्टी तोवर हिंदी चित्रपटाच्या नायकपदापर्यंत कधी गेली नव्हती.

भाच्याला ही मोठी गोष्ट वाटते. ‘बेंजो वाजवतो म्हटलं की लोक काय समजायचे तुला आठवतंय ना? दारू पिऊन टेम्पोवर बसणारी पोरं. त्याच पोरांना नायक केलं एका मराठी दिग्दर्शकाने.’

‘नायकाला बेंजो दिला. बेंजोवाल्याला काय दिलं ते सांग.’ मामा नखी पेटीच्या कडेला अडकवतात. ‘आम्ही पनवेलला बघितला तो पिक्चर. माझी नजर सारखी त्याच्या बोटांवर. बोटं एकीकडे चाललेली, सूर भलतीकडे.’

भाचा हसतो. पडद्यावर असं होतंच, आणि फक्त आपल्याकडे होतं असंही नाही. तो एक अमेरिकन उदाहरण देतो. १९७२ च्या ‘डिलिव्हरन्स’ चित्रपटात एक प्रसंग आहे. जॉर्जिया राज्यातल्या डोंगराळ भागात एक गप्प मुलगा ओसरीवर बसून बँजो वाजवतो, खाली उभा शहरी पाहुणा त्याला गिटारवर साथ देतो. प्रसंग जगभर गाजला, पुढच्या वर्षी त्याची तबकडी अमेरिकेतल्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकापर्यंत गेली. तो मुलगा, बिली रेडन, तिथल्याच शाळेतला. त्याला बँजो येतच नव्हता. त्याच्या मागे एक वादक दडून बसला आणि शर्टाच्या बाहीतून स्वतःचा डावा हात पुढे काढून तारा दाबत राहिला. कानांवर पडणारं वादन त्या दोघांचंही नव्हतं, ते एरिक वाइसबर्ग आणि स्टीव्ह मँडेल यांचं. आणि मूळ रचना आणखी चौथ्याचीच. आर्थर स्मिथ या वादकाने १९५५ साली ती ध्वनिमुद्रित केली होती. चित्रपटात त्याचं नाव आलं नाही, तो कोर्टात गेला आणि जिंकला. श्रेयही मिळालं, पैसेही.

मामा बोटांवर मोजतात. ‘तोंड एकाचं, हात दुसऱ्याचा, आवाज तिसऱ्याचा आणि चाल चौथ्याची. आमच्या हळदीला हे चारही एकाच माणसाचं असतं.’

वाद खरा इथून पेटतो. भाच्याच्या मते वाद्याची, गळ्याची, चेहऱ्याची ही फोड चित्रपटाचा गुन्हा नाही, ती त्याची रीतच आहे. आणि ती रीत होती म्हणून लोककलांना दारं उघडली. तो लावणीचं उदाहरण घेतो. ‘सांगत्ये ऐका’ हा अनंत माने यांचा चित्रपट १९५९ साली आला आणि पुण्याच्या विजयानंदला १३१ आठवडे चालला. तमाशाच्या कनातीकडे पाठ फिरवणारी घरं बायका-मुलांसह त्याला गेली. त्यातली गाजलेली लावणी आशा भोसले यांनी गायली, चाल वसंत पवारांची. पुढे १९७२ मध्ये ‘पिंजरा’ आला, राम कदमांच्या चाली, उषा मंगेशकरांचा आवाज, आणि ढोलकीचा तो ठेका मराठी माणसाच्या अंगात कायमचा बसला. सुलोचना चव्हाणांना लावणीसम्राज्ञी म्हणतात. गिरगावात वाढलेल्या, हिंदी चित्रपटांत गाऊन आलेल्या त्या. पायात चाळ बांधून फडावर कधी उभ्या राहिल्या नाहीत. पण डोक्यावरून पदर घेऊन, माइकसमोर स्थिर उभं राहून त्यांनी लावणी गायली तेव्हा ती रेडिओवरून स्वयंपाकघरात शिरली. २०२२ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

‘आणि यमुनाबाई?’ मामा विचारतात.

यमुनाबाई वाईकर वाईच्या, कोल्हाटी समाजातल्या. लहानपणी चाळ बांधले, बैठकीच्या लावणीची अदाकारी त्यांच्यासारखी कमी जणींकडे होती. त्यांनाही पद्मश्री मिळाली, २०१२ मध्ये. तेव्हा त्या नव्वदी ओलांडून गेल्या होत्या. २०१८ साली त्या गेल्या.

‘चित्रपटातल्या लावणीची दहा गाणी शेंबडं पोर पण सांगेल,’ मामा म्हणतात. ‘यमुनाबाईंचं एक सांगायला सांग. लावणी घरात गेली, लावणीवाली अंगणातच राहिली.’

भाचा गप्प बसत नाही. त्याच्या मते यमुनाबाईंना उतारवयात जो मान मिळाला त्याच्यामागेही चित्रपटाने तयार केलेला कान आहे. पडद्यावरची लावणी ऐकून ज्यांना चटक लागली त्यांतलेच काही पुढे खरी लावणी शोधत वाईपर्यंत गेले. खोटं नाणं चाललं म्हणूनच कधीतरी कोणाला टाकसाळीची आठवण झाली, असं त्याचं म्हणणं. मामांना हे पटत नाही, पण ते खोडूनही काढत नाहीत. चहा येतो. दोघंही बशीत ओततात.

मांडवाच्या आतल्या कोपऱ्यात एक म्हातारी धवला म्हणते आहे. आगरी लग्नात भटजीच्या आधीपासून धवलारणीचा मान. हळदीपासून लग्नापर्यंतचा एकेक विधी ती गाण्यातून चालवते. देव बोलावते, नवरा-नवरीला बसवते, उठवते. तिच्याकडे माइक नाही. जनरेटरच्या घरघरीत तिचा सूर मध्येच बुडतो, मध्येच वर येतो. भाचा कान देतो आणि सवयीने फोन काढतो. मामा त्याच्याकडे बघतात, बोलत नाहीत.

मामांना एका घराण्याबद्दल आदर आहे, शिंद्यांच्या. प्रल्हाद शिंदे यांचा खडा आवाज भजन, कव्वाली, भीमगीत या सगळ्यांत सारखाच उठायचा. गणेशोत्सवात आजही त्यांच्या आवाजाशिवाय मंडप सुरू होत नाही. २००४ साली ते गेले. त्यांचे चिरंजीव आनंद शिंदे ऐंशीच्या दशकात कॅसेटवर गाजले, पोपटाच्या त्या गाण्याने तर त्यांना गावोगाव पोचवलं. नातू आदर्श शिंदे २०१३ च्या ‘दुनियादारी’पासून मराठी चित्रपटांचा हुकमी आवाज झाले. रस्त्यावरच्या मांडवापासून मल्टिप्लेक्सपर्यंत तीन पिढ्या, आणि तिन्ही पिढ्यांत नाव आवाजाबरोबर चाललं.

‘हे मान्य कर,’ भाचा म्हणतो. ‘इथे फोड झाली नाही. गळाही त्यांचा, नावही त्यांचं.’

‘मान्य. आता कोंबडीचं बोल.’

‘जत्रा’ हा केदार शिंदे यांचा २००६ चा चित्रपट. अजय-अतुल यांची चाल, आनंद शिंदे आणि वैशाली सामंत यांचे आवाज. कोंबडी पळाल्याचं ते गाणं अजून एकाही हळदीत चुकत नाही. सहा वर्षांनी, २०१२ मध्ये, तीच चाल अजय-अतुल यांनीच ‘अग्निपथ’साठी हिंदीत नेली, कतरिना कैफसाठी, श्रेया घोषाल यांच्या आवाजात. देशभर धुमाकूळ झाला. चाल ज्यांची त्यांनीच नेली, त्यामुळे तक्रारीला जागा नाही. पण मराठी गाण्यातला आनंद शिंदे यांचा तो खरबरीत, मांडवातला आवाज हिंदीत राहिला नाही.

‘चालीला पासपोर्ट मिळाला,’ मामा म्हणतात, ‘गळ्याला नाय मिळाला.’

भाचा त्यावर लगेच ‘सैराट’ काढतो. २०१६ साली आलेला, शंभर कोटींच्या पुढे गेलेला पहिला मराठी चित्रपट. त्याच्या संगीतातला काही भाग लॉस एंजेलिसच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर तिथल्या वाद्यवृंदाकडून वाजवून घेतला. आणि त्याच चित्रपटातल्या झिंगाटात मात्र आपल्या वरातीचा ठेका आहे, अजय-अतुल यांनी स्वतः तो गायला. दोन वर्षांनी ‘धडक’मध्ये तो हिंदीत गेला. ‘मामा, हॉलिवूडचे व्हायोलिनवाले आणि वरातीतला ठेका एका चित्रपटात. हे आपल्याच माणसांनी केलं, जुन्नर-शिरूरकडून आलेल्या भावांनी. तुला अभिमान नाही वाटत?’

‘वाटतो ना. रोज वाजवतो मी ते. आज पण वाजवणार.’ मामा पेटीवर बोट आपटतात. ‘फक्त एवढं सांग, वरातीतला ठेका वाजवायला जो बसला त्याचं नाव तुला ठाऊक आहे का?’

भाच्याला ठाऊक नाही.

आतापर्यंत दोघं वाद्याबद्दल आणि आवाजाबद्दल बोलत होते. पण काही लोककलावंत पडद्यावर अख्खेच्या अख्खे गेले, चेहऱ्यासकट. शाहीर अमर शेख हे त्यांतलं जुनं नाव. बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल, गिरणीसंपांच्या सभांत आणि संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत ज्यांच्या आवाजाने मैदान भरायचं ते. १९६१ च्या ‘प्रपंच’ या चित्रपटात अभिनेत्री सुलोचनाबाईंबरोबर त्यांची भूमिका आहे, गोष्ट गदिमांची. भाच्याला हा चित्रपट माहीत आहे, कारण त्याच्या शिक्षकांनी तो दाखवला होता. त्यातलं कुंभाराच्या चाकाचं गाणं महाराष्ट्राला पाठ आहे. ते गाणं सुधीर फडके यांच्या आवाजातलं.

‘म्हणजे बघ,’ मामा हात पसरतात, ‘ज्याच्या गळ्यासाठी माणसं दहा-दहा मैल चालत यायची, त्याचं फक्त तोंड घेतलं.’

‘अभिनय घेतला, मामा. तोंड नाही. आणि चांगला घेतला. शाहिराला फक्त डफ येतो, असं का धरून चालायचं?’ भाच्याचा हा मुद्दा बिनतोड आहे. विठ्ठल उमपांचंच बघा. कव्वाली, कोळीगीत, भारूड, पोवाडा, सगळं गायचे. ‘जांभूळ आख्यान’मध्ये कर्णाची ओढ लागलेली द्रौपदी हा माणूस साठी उलटल्यावरही उभी करायचा, ना लुगडं बदलायचं, ना मेकअप, खांद्यावरच्या वस्त्राचा पदर झाला की द्रौपदी. असा माणूस २००८ च्या ‘टिंग्या’मध्ये दिसतो तेव्हा तो वेगळा अभिनय करत नसतो. रात्र-रात्र आख्यान सांगणाऱ्याला कॅमेरा लहानच पडतो. २६ नोव्हेंबर २०१० ला नागपुरात कार्यक्रमाच्या मंचावरच ते कोसळले आणि गेले.

मामांनी उमपांना ऐकलेलं आहे. ते थोडा वेळ काही बोलत नाहीत.

मग ते एका वेगळ्याच माणसाचं नाव घेतात. विलास घोगरे. मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारा, आव्हान नाट्य मंचात गाणारा कवी-गायक. आनंद पटवर्धन यांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात तो गातो, मुंबईतल्या झोपड्या पाडण्याच्या काळातली गोष्ट सांगतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. ते पाहून आल्यावर काही दिवसांत विलास घोगरेने आपल्या झोपडीत गळफास घेतला. पटवर्धनांनी त्यानंतर १४ वर्षं चित्रीकरण करून २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला, त्याची सुरुवात घोगरेपासून होते.

‘त्या माणसाला चित्रपटाने पैसा नाही दिला, प्रसिद्धी नाही दिली,’ मामा म्हणतात. ‘पण तो ज्याचा होता त्याचाच राहिला. तोंड, गळा, गाणं, नाव. चारही.’

‘कारण तो माहितीपट होता.’

‘कारण बनवणारा त्याला ओळखत होता.’

भाचा आता बाजू बदलून कायद्यावर येतो. स्टुडिओत काम करणाऱ्याला हे माहीत असावं लागतं. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली मोठी दुरुस्ती झाली. गीतकार-संगीतकारांना आपल्या मानधनाच्या पुढचा रॉयल्टीचा हक्क कागदावर सही करून सोडून देता येणार नाही, अशी ती तरतूद. गायकांनी त्यानंतर २०१३ मध्ये स्वतःची संस्था काढली. ‘आणि वादकही त्यात येतो, मामा. कायद्यात कलावंताची व्याख्या आहे. नट, गायक, वादक, नर्तक, कसरत करणारा, जादूगार, आणि ऐक, गारुडीसुद्धा.’

‘गारुडी?’

‘साप खेळवणारा. लिहिलेलं आहे.’

मामांना हे फार आवडतं. ते पलीकडच्या ढोलकीवाल्याला ओरडून सांगतात की सरकारच्या दप्तरी आपण गारुड्याच्या रांगेत आहोत. ढोलकीवाला ढोलकी थोपटून पुंगीचा ठेका धरतो. मांडवात हशा होतो.

‘पण त्याच व्याख्येला एक पुरवणी आहे,’ भाचा आवाज खाली आणतो. तीही २०१२ चीच. चित्रपटातलं ज्याचं काम किरकोळ किंवा ओघात आलेलं असेल आणि या धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीसह कुठेच दिलं जात नसेल, त्याला कलावंत धरायचं नाही. त्याच्या कामाची कोणी मोडतोड केली तर तेवढ्यापुरती तक्रार करण्याचा हक्क त्याला उरतो.

मामा बराच वेळ पेटीकडे बघत राहतात. ‘म्हणजे नाव नसेल तर कलावंत नाय. आणि नाव का नाय, तर रिवाज नाय. आणि किरकोळ कुठलं, ते कोणी ठरवायचं? ढोलकीवाल्याने ठरवायचं का?’

यावर भाच्याकडे उत्तर नाही, आणि खरं तर तो हा वाद इथेच सोडायला तयार आहे. पण मामा आता ती जुनी गोष्ट काढतात. काही वर्षांपूर्वी भाच्यानेच त्यांना एका मराठी चित्रपटाच्या गाण्यासाठी अंधेरीला नेलं होतं. काचेच्या खोलीत मामा एकटे, कानाला हेडफोन, समोर ना नवरदेव, ना नाचणारी पोरं. तिसऱ्या टेकला त्यांनी अंतऱ्याच्या आधी एक तुकडा टाकला, चार मात्रांचा, उलट्या हाताने खेचलेला, जो ते वीस वर्षं हळदीत वाजवत आलेत. काचेपलीकडे सगळे उठून उभे राहिले. पाकीट मिळालं, ठरलेलं, रोख. चित्रपट लागला तेव्हा मामा घरच्या अकरा जणांना घेऊन गेले. गाण्यात तो तुकडा दोनदा वाजला. शेवटी नावं पडायला लागली तशी माणसं उठली, अकराजण बसून राहिले. झाडूवाला पोरगा आत आला तरी बसून राहिले. केशभूषेपासून चहापर्यंत सगळ्यांची नावं पडली.

‘तुझं नाव होतं,’ मामा म्हणतात. ‘प्रोग्रामिंगमध्ये.’

भाचा मान हलवतो. ‘यादी मी पाठवली नव्हती.’

‘मी कुठे बोलतोय तू पाठवलीस. तू मागितली पण नाय.’

मग तो मामांना एक गोष्ट सांगतो. सांत्वनासाठी की कबुलीसाठी, ते त्यालाही नीट कळत नाही. १९५९ साली अॅलन लोमॅक्स हा लोकगीतांचा संग्राहक अमेरिकेच्या मिसिसिपी राज्यातल्या तुरुंगाच्या शेतीवर गेला. तिथे काळे कैदी लाकडं फोडताना कुऱ्हाडीच्या ठोक्यावर गात होते. पुढे गाणाऱ्याचं नाव त्याने लिहून घेतलं, जेम्स कार्टर. एक्केचाळीस वर्षांनी, २००० मध्ये, कोएन बंधूंच्या ‘ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाउ?’ या चित्रपटाची सुरुवात त्याच ध्वनिमुद्रणाने झाली. चित्रपटातल्या गाण्यांची तबकडी लाखांनी खपली, २००२ साली तिला वर्षातल्या सर्वोत्तम अल्बमचं ग्रॅमी मिळालं. आता रॉयल्टी द्यायची कोणाला? शोध सुरू झाला. कार्टर शिकागोत सापडला, म्हातारा, निवृत्त. आपण ते गाणं गायलो होतो हेही तो विसरून गेला होता. त्याच्या हातात वीस हजार डॉलरचा धनादेश ठेवला गेला आणि घरच्यांसह ग्रॅमीच्या समारंभाला नेण्यात आलं. पुढच्या वर्षी तो वारला.

‘वीस हजार म्हणजे किती?’

‘तेव्हाचे नऊ-दहा लाख.’

‘पैशाचं सोड,’ मामा म्हणतात, आणि पुन्हा विचार करून, ‘पैशाचं नको सोडू. पण तो सापडला कसा?’

‘लोमॅक्सने नाव लिहून ठेवलं होतं म्हणून.’

मांडवात आता गर्दी झाली आहे. नवरदेवाच्या गालांवर, दंडांवर हळद चढली आहे, धवलारणीचं गाणं संपत आलं आहे. यजमान येऊन घड्याळ दाखवतात; दहाला आवाज बंद करावा लागेल, जेमतेम दीड तास उरलाय. मामा उठतात, टेम्पोवर चढतात, वायर जोडतात. भाचा फोन स्टँडवर लावतो. आज तो सगळं नीट रेकॉर्ड करणार आहे, दोन माइक आणलेत. फोनमध्ये फाइलला नाव द्यायची जागा येते. तो गाव लिहितो, तारीख लिहितो, बेंजोसमोर मामांचं पूर्ण नाव लिहितो. ढोलकीवाल्याचं त्याला येतं. कीबोर्डवाला चुलतभाऊच आहे.

‘मामा, धवला म्हणणाऱ्या आजीचं नाव काय?’

मामा थांबतात. ‘आजीच म्हणतो आम्ही. माझ्या लग्नात पण तीच होती.’ ते शेजारी विचारतात, शेजारचा त्याच्या बायकोला विचारतो. माहेर शेलघरचं, एवढं कळतं. नाव घरात जाऊन विचारायला एक मुलगी पळते.

‘आणि ताशावाला?’

‘तो काय, पिंट्या.’

‘पूर्ण नाव?’

सात वर्षं पिंट्या मामांच्या पार्टीत ताशा वाजवतो आहे. मामा नखी दातांत धरून आठवतात. मग टेम्पोच्या कडेवरून वाकून, जनरेटरच्या वर आवाज काढून ओरडतात, ‘पिंट्या! ए! तुझं पूर्ण नाव काय रे? आडनावासकट सांग!’

पिंट्याचे हात ताशावरच थिजतात. तो आधी मामांकडे, मग भाच्याच्या हातातल्या फोनकडे, मग गावठाणाच्या रस्त्याकडे बघतो.

‘का? कंप्लेंट आली काय? अजून दहा कुठे वाजलेत?’